घावानंतरचा काळ: मारधाडपट, संकलक आणि लखनौचा मर्सिया

मारधाडीच्या चित्रपटात पडद्यावर जो घाव बसतो, तो बहुतेक वेळा कोणालाच बसलेला नसतो. एका नटाने हवेत मूठ फिरवलेली असते, दुसऱ्याने निराळ्या वेळी, कधी निराळ्या दिवशी, मान झटकलेली असते, हाडावर हाड आदळल्याचा आवाज तिसऱ्याच ठिकाणी मुद्रित झालेला असतो आणि या तीन सुट्या गोष्टी एकापुढे एक लावून त्यांचा एक प्रहार घडवणारा माणूस म्हणजे संकलक. प्रहार कोणी केला, असे विचारले तर नट, साहस-दिग्दर्शक आणि दिग्दर्शक हे तिघेही आपापल्या वाट्याचा तुकडाच दाखवू शकतील. संपूर्ण प्रहार केवळ जोडणीत आहे. म्हणून अशा चित्रपटांवर आयुष्य घालवणाऱ्या संकलकाचा व्यवसाय हा चित्रपटतंत्राइतकाच धर्मविचाराचाही विषय ठरतो. जी हिंसा कधी घडलीच नाही तिचा कर्ता कोण, आणि त्या कर्तृत्वाबरोबर काही दायित्व येते का, हा तो प्रश्न होय.

या प्रश्नासाठी लखनौकडे वळणे प्रथमदर्शनी विचित्र वाटेल, कारण लखनौ हे चित्रपटनिर्मितीचे केंद्र नाही. मुंबईच्या निर्मात्यांना ते चित्रणस्थळ म्हणून ठाऊक आहे आणि 'गदर'सारख्या चित्रपटात त्याच शहराने सरहद्दीपलीकडच्या शहराचे सोंगही वठवले आहे. परंतु युद्ध कसे सांगावे, कोठे थांबवावे आणि घावानंतर श्रोत्याला किती वेळ द्यावा, याचा जितका सूक्ष्म विचार एकोणिसाव्या शतकातील लखनौच्या इमामबाड्यांत, म्हणजे मुहर्रमच्या शोकसभांच्या वास्तूंत, झाला, तितका हिंदुस्थानात अन्यत्र क्वचितच झाला असेल. तो विचार मर्सिया या काव्यप्रकारात साठलेला आहे. त्याकडे येण्यापूर्वी जोडणीचे स्वरूप पाहणे आवश्यक आहे.

चित्रफितीवर एका सेकंदाला चोवीस स्थिर चित्रे असतात आणि गती ही त्यांपैकी एकाही चित्रात नसते. भारतीय दर्शनांना ही स्थिती अपरिचित नाही. गौडपादांनी मांडूक्य कारिकांच्या चौथ्या प्रकरणात अलाताचा, म्हणजे पेटलेल्या कोलिताचा, दृष्टांत दिला आहे: कोलीत गरगर फिरवले की अग्नीचे वर्तुळ दिसते, पण वर्तुळ कोलितात नसते, बाहेरून येत नाही आणि फिरणे थांबल्यावर कोठे जातही नाही. योगसूत्रांवरील व्यासभाष्य याच्याही पुढे जाऊन म्हणते की वस्तुतः असतो तो क्षण, आणि क्षणांचा क्रम ही बुद्धीने केलेली रचना आहे. बौद्ध तार्किकांचा क्षणभंगवाद, म्हणजे प्रत्येक वस्तू क्षणोक्षणी नष्ट होते आणि सातत्य हा केवळ भास आहे हे मत, याच दिशेचे. संकलकाचे वैशिष्ट्य असे की, दार्शनिकाने ज्याला बुद्धीची अबोध क्रिया म्हटले ती तो जाणीवपूर्वक, हाताने आणि मोबदला घेऊन करतो. क्रम कसा असावा हे तो ठरवतो, आणि क्रम ठरला की कारण-कार्यही ठरते. आधी मूठ व मग मान असे लावले तर प्रहार होतो, उलट लावले तर तेच दोन तुकडे प्रहार चुकवल्याचे चित्र देतात.

हा व्यवसाय हिंदी चित्रपटसृष्टीत ज्यांनी घडवला त्यांत मराठी आणि कोकणी मुलखातील माणसे ठळकपणे होती, ही गोष्ट मराठी वाचकालाही फारशी आठवत नाही. गोव्यातील पोंबुर्फाचे वामन भोसले बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली उमेदवारी करून पुढे आले. 'मेरा गाँव मेरा देश' (१९७१) हा दरोडेखोरपट, 'इन्कार' (१९७७) आणि 'गुलाम' (१९९८) हे त्यांच्या कामाचे नमुने, आणि त्यांपैकी 'इन्कार'च्या संकलनाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. माधव शिंदे, श्रेयनामावलीतले एम. एस. शिंदे, यांनी रमेश सिप्पी यांच्यासाठी 'सीता और गीता' (१९७२), 'शोले' (१९७५), 'शान' (१९८०) आणि 'शक्ती' (१९८२) हे चित्रपट संकलित केले. 'शोले'साठी सुमारे ३ लाख फूट फीत चित्रित झाली होती असे सांगितले जाते. ३५ मिलिमीटरची फीत मिनिटाला ९० फूट या वेगाने धावते हे ध्यानात घेतले, तर ते साहित्य पंचावन्न तासांहून अधिक भरते, आणि पूर्ण चित्रपट होता सुमारे १८ हजार फुटांचा, म्हणजे तीन तास वीस मिनिटांच्या आसपास. सोळा भागांतून पंधरा भाग बाजूला काढणे हे शिंदे यांच्या कामाचे ढोबळ माप होय. 'शोले'ला फिल्मफेअरचे जे एकमेव पारितोषिक त्या वर्षी मिळाले ते संकलनाचे होते. तरीही उतारवयात शिंदे यांना आर्थिक ओढगस्तीत दिवस काढावे लागले आणि २०१२ साली त्यांचे निधन झाले तेव्हा 'शोले'तील संवाद तोंडपाठ असणाऱ्या अनेकांना त्यांचे नाव ठाऊक नव्हते. फलाची आसक्ती न ठेवता कर्म करावे, हा उपदेश अशा माणसाला ऐकवणे सोपे आहे. ज्यांनी फल घेतले त्यांना तो क्वचितच ऐकवला जातो.

कर्तृत्वाच्या प्रश्नाला पतंजलींनी एक उपयुक्त विभागणी पुरवली आहे. योगसूत्रांच्या दुसऱ्या पादात हिंसादी वितर्कांचे, म्हणजे यमांच्या विरोधी वृत्तींचे, तीन प्रकार सांगितले आहेत: कृत, म्हणजे स्वतः केलेली, कारित, म्हणजे दुसऱ्याकरवी करवलेली, आणि अनुमोदित, म्हणजे दुसऱ्याने केली असता मनाने मान्य केलेली. जैन आचारशास्त्रातही हीच त्रयी आहे, आणि तेथे बाह्य घातापासून वेगळी काढलेली भावहिंसा, म्हणजे मनातल्या कषायांनी, क्रोधादी विकारांनी, होणारी हिंसा, अधिक मुळाशी मानली जाते. मारधाडपटाला ही विभागणी लावली की एक गंमत दिसते. कृत हिंसा तेथे नाहीच, कारण कोणी मेलेले नाही. कारित हिंसाही नाही, फार तर तिचा अभिनय करवला आहे. अनुमोदन मात्र खरे आहे. प्रेक्षागृहात खलनायक पडतो तेव्हा जी शिट्टी वाजते ती अभिनयाची नसते. आणि हे अनुमोदन कोणत्या क्षणी उमटावे, किती वाढावे, कोठे तुटावे याची योजना अखेरीस संकलकाच्या मेजावर होते. त्याच्या व्यवसायाचे नैतिक स्थान येथे आहे: तो हिंसा करत नाही, तो संमती घडवतो.

यावर मायावादी उत्तर ठरलेले आहे, की सारेच मिथ्या असताना दोष कसला. हे उत्तर स्वतः वेदान्तालाच पुरेसे वाटणार नाही. दोरीवर दिसणारा साप प्रातिभासिक, म्हणजे केवळ भासापुरता सत् असतो हे खरे, पण त्याला पाहून सुटलेला घाम आणि धडधडणारे काळीज व्यावहारिक जगातले असतात. पडद्यावरचा घाव खोटा आणि त्याने पोसलेली वृत्ती खरी, असा हा संबंध आहे. दुसऱ्या टोकाला, हिंसा दाखवूच नये असे म्हणणारे आहेत, आणि त्यांच्या पाठीशी भरताचे नाट्यशास्त्र उभे करता येते. युद्ध, राज्यनाश, मृत्यू आणि नगराचा वेढा या गोष्टी अंकात प्रत्यक्ष न दाखवता प्रवेशकातून, म्हणजे दोन अंकांमधल्या सूचक प्रवेशातून, कळवाव्यात असे तो ग्रंथ सांगतो. पण भरताचे केवळ हे निषेधवाक्य उचलणे अन्यायाचे होईल, कारण त्याच ग्रंथात याहून खोल असे एक विधान आहे आणि ते क्रमाविषयी आहे.

भरताने आठ रसांपैकी चार मूळ मानले आणि उरलेले चार त्यांच्यापासून उपजतात असे म्हटले. शृंगारातून हास्य आणि बीभत्सातून भयानक या जोड्या येथे बाजूला ठेवता येतील. महत्त्वाच्या दोन अशा: रौद्रातून करुण उपजतो आणि वीरातून अद्भुत. क्रोधाने जे कृत्य होते त्याचे फळ शोक आहे. उत्साहाने जे कृत्य होते त्याचे फळ विस्मय आहे. मारधाडपटातील एकच द्वंद्व या दोन्ही वाटांनी नेता येते. शत्रू कोसळला आणि चित्र तेथून उडी मारून नायकाच्या चेहऱ्यावर, धुळीच्या लोटावर, हवेत उडणाऱ्या मोटारीवर गेले, तर प्रेक्षक अद्भुताच्या वाटेला लागतो. शत्रू कोसळला आणि चित्र तेथेच राहिले, श्वास थांबेपर्यंत, कोणीतरी येऊन चादर घालीपर्यंत राहिले, तर रौद्राचा करुण होऊ लागतो. दोन्ही वेळा चित्रित साहित्य एकच असू शकते. फरक पडतो तो घावानंतर किती चौकटी ठेवल्या यावरून. हिंसा दाखवली की नाही, हा प्रश्न म्हणून दुय्यम ठरतो. घावानंतरचा काळ कोणाला दिला, हा मुख्य.

लखनौचा मर्सिया या ठिकाणी प्रस्तुत होतो. मर्सिया म्हणजे शोककाव्य. उर्दूत त्याचा विशेष अर्थ हिजरी ६१, म्हणजे इसवी सन ६८० मध्ये, करबला येथे पैगंबरांचे नातू इमाम हुसैन आणि त्यांचे सोबती यांना आलेल्या मरणाविषयीचे काव्य असा झाला. अवधच्या शिया नवाबांच्या आश्रयाने मुहर्रमच्या मजलिसी, म्हणजे शोकसभा, लखनौच्या जीवनाचा भाग झाल्या. आसफुद्दौलाने १७८४ च्या दुष्काळात लोकांना काम मिळावे म्हणून बांधायला घेतलेला बडा इमामबाडा हे त्या संस्कृतीचे दगडी रूप. मीर अनीस (निधन १८७४) आणि मिर्झा दबीर (निधन १८७५) या दोन प्रतिस्पर्ध्यांनी सहा ओळींच्या कडव्यांचा मर्सिया पूर्णत्वाला नेला, आणि शहर अनीसिये व दबीरिये अशा दोन तटांत विभागले गेले. मर्सियाचे घटक ठरलेले असतात: चेहरा म्हणजे प्रस्तावना, सरापा म्हणजे वीराचे नखशिखांत वर्णन, रुखसत म्हणजे कुटुंबाचा निरोप, आमद म्हणजे रणात आगमन, रजझ म्हणजे स्वतःच्या कुळाचा आणि पराक्रमाचा उच्चार, जंग म्हणजे युद्ध, शहादत म्हणजे हौतात्म्य आणि शेवटी बैन, म्हणजे आक्रोश. प्रत्येक रचनेत सारे घटक येतातच असे नाही, परंतु क्रमाची दिशा बदलत नाही.

या यादीतले आमद, रजझ आणि जंग हे तीन घटक पाहिले तर मारधाडपटाचा सारा ऐवज तेथे आहे हे कोणाच्याही लक्षात येईल: नायकाचा प्रवेश, त्याचे आव्हान, तलवारीचे आणि घोड्याचे कौतुक, एकाने अनेकांना आवरणे. अनीसांची तलवारीची वर्णने तर विजेसारखी धावतात आणि श्रोते त्यांना दादही देतात. मर्सिया वीररसाला लाजत नाही, हे नीट ध्यानात घ्यावे. पण तो अद्भुतापाशी थांबत नाही. ज्याचा पराक्रम ऐकून श्रोता ताठ बसला, त्याचेच कलेवर पाहायला त्याला भाग पाडले जाते, आणि नंतरचा काळ रणात लढलेल्यांचा नसून छावणीत मागे राहिलेल्या स्त्रियांचा असतो. मिंबरावर, म्हणजे पायऱ्यांच्या आसनावर, बसलेल्या वाचकाजवळ आवाज, नजर आणि हात यांखेरीज साधन नसते, म्हणून एका घटकातून दुसऱ्यात केव्हा शिरायचे हा निर्णय हीच त्याची कला. शेवट सर्वांना आधीच ठाऊक असतो. उत्कंठेचा आधार नसतानाही हा क्रम पकड घेतो, यावरून त्याची शक्ती कळावी.

'शोले'चे एक लेखक जावेद अख्तर यांचे बालपणीचे काही दिवस लखनौत, त्यांच्या आजोळी गेले. त्यावरून प्रभाव सिद्ध होत नाही, आणि तो सिद्ध करण्याची गरजही नाही. चित्रपटातील दोन प्रसंगांची रचनाच पुरेशी बोलकी आहे. पहिला पोलीस अधिकारी असलेल्या ठाकूरच्या कुटुंबाच्या हत्येचा. माणसे कोसळतात तेव्हा चित्र गोठवले जाते, त्यामुळे पडण्याच्या कृतीतला थरार हिरावला जातो. दरोडेखोर गब्बर लहान मुलावर बंदूक रोखतो आणि गोळीच्या ठिकाणी ऐकू येतो तो रेल्वेगाडीचा आवाज, कारण चित्र त्या क्षणी ठाकूर ज्या गाडीने येत आहे तिच्याकडे गेलेले असते. घाव गाळला आहे. परंतु गाळलेल्या घावाचा काळ वाया जाऊ दिलेला नाही. तो सारा कलेवरांवरच्या कफनांना, वाऱ्याला आणि ठाकूरला दिला आहे.

दुसरा प्रसंग अहमदचा. ही भूमिका सचिन पिळगांवकर यांची. गब्बर हातावरची मुंगी चिरडतो आणि पुढे गावात घोडा येतो तो अहमदचे शव घेऊन. मधला वध चित्रपटात नाही. त्यानंतर मात्र चित्रपटाची घाई संपते. आंधळे इमामसाहेब, म्हणजे ए. के. हंगल, काठी टेकत गर्दीतून वाट काढतात, पसरलेल्या शांततेचे कारण विचारतात, मुलाच्या देहाला हात लावून त्याला ओळखतात; बापाच्या खांद्यावर मुलाचे शव यापेक्षा जड ओझे नाही असे सांगतात, आणि या गावासाठी शहीद व्हायला आणखी मुलगे का दिले नाहीस हे आपण खुदाला विचारू, असे म्हणत मशिदीकडे निघतात. शहादत आणि बैन हे मर्सियाचे शेवटचे दोन घटक येथे, जंग पूर्ण वगळून, एकामागोमाग ठेवले आहेत. यातला किती भाग पटकथेचा, किती दिग्दर्शकाचा आणि किती शिंदे यांचा, याची विभागणी करता येणार नाही. पण म्हाताऱ्याची काठी किती पावले चालू द्यायची हे शेवटी फीत कापणाऱ्या हाताला ठरवावे लागते. रेल्वेगाडीवरील चकमकीत तोच हात वीर-अद्भुताच्या वाटेने बेभान धावतो, हेही विसरू नये. मर्सियाकाराप्रमाणेच येथे दोन्ही वाटा अवगत आहेत.

अद्भुताची वाट हलकी आहे असे यातून सुचवायचे नाही. एकच ठोसा तीन कोनांतून तीनदा दाखवायचा, ही हिंदी मारधाडपटांची जुनी खोड वास्तववादाच्या कसोटीवर हास्यास्पद ठरते, पण कथकच्या लखनौ घराण्याची तिहाई ज्याने पाहिली आहे त्याला ती कळते: एक तुकडा तीनदा घेऊन समेवर यायचे आणि श्रोत्याची मान हलवायची. लयीचा आनंद निर्मळ असतो. अडचण एवढीच की, समेवर जे पडले आहे ते माणसाचे शरीर आहे, आणि दाद देण्याच्या भरात ते विसरले जाते.

या प्रतिपादनावर एक खरा आक्षेप येतो. करुण हा रौद्राचा शेवटच असतो असे नाही. तो पुढच्या रौद्राचे इंधनही होतो. आईचा आक्रोश, बहिणीची चिता, आणि मग नायकाला पुढच्या बारा माणसांच्या हत्येची मुभा, ही सूडपटांची सर्रास वापरलेली चाल आहे, आणि तिच्यात विलापाला भरपूर लांबी दिलेली असते. तेव्हा घावानंतरचा काळ देणे हे आपोआप पुण्यप्रद होत नाही. तो काळ कोठे येतो हेही पाहावे लागते. सूडपटात विलाप मध्यंतराच्या अलीकडे असतो. मर्सियात तो शेवटी असतो आणि त्याच्यापुढे युद्ध नसते. करबलानंतर सूड घेतल्याच्या कथा मुस्लिम इतिहासपरंपरेत आहेत, पण अभिजात मर्सिया सहसा तेथवर जात नाही. शोकाला तो कशाचीही पायरी होऊ देत नाही. मध्यंतराआधीच्या विलापाने संमती गोळा केली जाते, शेवटच्या विलापाने ती परत घ्यावी लागते.

या कसोटीवर 'शोले'च्या शेवटाचे जे झाले ते उद्बोधक आहे. मूळ शेवटात हात तोडलेला ठाकूर खिळ्यांच्या जोड्यांनी गब्बरला ठार करतो आणि त्यानंतर कोसळून रडतो. आणीबाणीच्या काळातील परिनिरीक्षण मंडळाला माजी पोलीस अधिकाऱ्याने कायदा हातात घेणे मान्य झाले नाही, म्हणून शेवट नव्याने चित्रित झाला. पोलीस ऐन वेळी येतात आणि ठाकूर गब्बरला त्यांच्या स्वाधीन करतो. मंडळाने एक हत्या टाळली, हे त्याच्या दृष्टीने योग्यच होते. पण हत्येबरोबर तिच्यामागून येणारे रडणेही गेले, आणि तीन तास साठवलेली प्रेक्षकाची संमती परत न घेताच त्याला घरी पाठवण्यात आले. हिंसेची लांबी मोजणारी व्यवस्था घावानंतरचा काळ मोजत नाही. १९७५ मध्ये मोजत नव्हती, आणि आजही प्रमाणपत्र देताना किती सेकंद रक्त दिसले याचाच हिशेब प्रामुख्याने होतो. त्या हिशेबात घावानंतरच्या काळाचा एक स्तंभ वाढवायला हवा. मूळ शेवटासह जतन केलेली 'शोले'ची प्रत जून २०२५ मध्ये इटलीतील बोलोन्या येथे दाखवण्यात आली; ती सिद्ध करणाऱ्यांपुढे पन्नास वर्षांपूर्वी बाजूला काढलेली फीत होती.